भित्र्या माणसाचा कॅमेरा

आठवीच्या वर्गावर होते. शिपाई दारात येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "बाई, कोल्हापूरनं फोन हाय, हेडमास्तरांच्या खोलीत." त्याच्या तोंडाकडं बघूनच मला कळायला हवं होतं… पण मी खडू डब्यात ठेवला, पोरांना पुढचा धडा वाचायला सांगितला आणि गेले. फोनवर आमचे हे होते. "शशी गेला," एवढंच म्हणाले. शशिकांत म्हणजे ह्यांचा धाकटा भाऊ, माझा दीर. दवाखान्यातनं घरी आणून आठवडाच झाला होता. हृदय मोठं झालंय, जपा, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. सकाळी झोपेतच गेले.

उसाचा हंगाम सुरू होता. माझी शाळा गारगोटीला; तिथनं निघालेली एसटी ट्रॉल्यांच्या मागं रांगत होती. खरं सांगते, त्या प्रवासात मला रडू आलं नाही. भीती वाटली. भावजींच्या वरच्या खोलीत भिंतभर कॅसेटी होत्या, आणि मयताच्या घरात कुणीही कुठंही जातं. पावण्यांपैकी एखादं पोरगं वर चढेल, सहज म्हणून एखादी कॅसेट उचलेल, गल्लीत कुणाकडं तरी लावून बघतील… आमच्या गल्लीशी रिक्षा थांबली, दारात माणसं जमलेली होती, आणि मी आधी मयताकडं न बघता जिन्याकडं बघितलं. वरच्या खोलीला कुलूप होतं. ह्यांनी लावलेलं. किल्ली त्यांच्या शर्टाच्या खिशात दिसत होती. माझी नजर तिकडं गेलेली त्यांना कळली, त्यांनी नुसती मान हलवली. इतक्या वर्षांत त्या विषयावर आम्हा नवराबायकोत झालेलं तेवढंच बोलणं.

शशीभावजी सिनेमे काढायचे. कोल्हापुरात सिनेमाचं काय कौतुक, असं तुम्ही म्हणाल. पण त्यांचा एकही सिनेमा कुठल्या टॉकीजला लागला नाही, की त्यात कुणी नट नव्हते. पुण्या-मुंबईची दहा-पंधरा माणसं एखाद्या खोलीत पडदे लावून बसायची आणि ते बघायची. जे लोक उजेडात येत नाहीत, ज्यांचे अड्डे चारचौघांना माहीत नसतात, त्यांच्यात जाऊन भावजी महिनोन्‌महिने बसायचे. आणि हे करणारा माणूस होता आमच्या अख्ख्या भावकीतला सगळ्यात भित्रा.

नव्वद-एक्क्याण्णवच्या सुमाराला मी लग्न होऊन या घरात आले. सासरे मूळचे कुरुंदवाडचे, प्राथमिक शिक्षक, माझ्या लग्नाआधीच गेलेले. घरात सासूबाई, ज्यांना मी आत्या म्हणायची, एसटीच्या वर्कशॉपमध्ये नोकरी करणारे हे, आणि शशीभावजी. नव्या नवरीला दिराची पहिली ओळख झाली ती दिवाळीत. गल्लीत फटाके सुरू झाले तशी ही उंचीपुरी आसामी माझ्या मागनं स्वयंपाकघरात आली आणि पिठाच्या डब्याशेजारी बसली. "वहिनी, जरा बसू का हितं?" मला हसू आवरेना. कुत्री, पोलीस, वीज, खोल पाणी, रागीट माणसं… कशाकशाला म्हणून ते भीत नव्हते! आत्या म्हणायच्या, "ह्यो पोटात आसताना मी म्हापूर बघितला, त्येचं भ्या लागलंय त्येला." त्या स्वतःही भीतच जगलेल्या. चार माणसांत आपल्यावर बोट दाखवायला लोक टपलेले असतात, आपल्या लोकांनी दुप्पट नीट वागलं पायजे, हे त्यांचं रोजचं वाक्य होतं. विहारात जातानासुद्धा त्या आम्हा सगळ्यांचे कपडे तपासायच्या.

भावजी तेव्हा एका स्टुडिओत लग्नाची व्हिडिओ शूटिंग करत. ते काम त्यांना फार दिवस टिकलं नाही. कॅसेट बघून लोक चिडायचे. अंतरपाट धरणाऱ्यांचे हात, भाताच्या डेगीतनं येणारी वाफ, मांडवाच्या कोपऱ्यात उभ्या राहिलेल्या विधवा चुलतीची पाठ… हे सगळं असायचं आणि नवरदेव मात्र ओझरता. एका लग्नातले नवरीचे वडील घरापर्यंत आले होते. "काय हो पावणं, आमच्या जावयाचं तोंड कुटं हाय? हात बघून वळकायचं का त्येला?" भावजी दाराआड उभे. शेवटी ह्यांनी मध्ये पडून मिटवलं. पुढं मालकानं काढून टाकलं, पण जाताना जुना झालेला एक कॅमेरा देऊन टाकला. तुझ्या डोक्यात काय चालतं मला कळत नाही, पण काहीतरी चालतं, असं तो म्हणाला म्हणे.

त्या कॅमेऱ्यावर त्यांनी पहिली फिल्म केली ती कोंबड्यांच्या झुंजींवर. उसाच्या फडात चोरून झुंजी लावत, पैजा चालत. रक्त बघून चक्कर येणारा हा माणूस तिथं वर्षभर गेला. फिल्ममध्ये कोंबडा एकदाही दिसत नाही. दिसतात ती रिंगण धरून उभी राहिलेली माणसं, त्यांचे चेहरे. शाळेतले, दुकानातले, देवळातले, ओळखीचे चेहरे, आणि त्यांच्यावर हळूहळू काहीतरी चढत जातं. मी ती आमच्या घरच्या टीव्हीवर बघितली आणि मला रात्रभर ते डोळे आठवत राहिले. "तुम्हाला भीती नाही वाटली?" मी विचारलं. "लै वाटली," ते म्हणाले. "कॅमेरा डोळ्याला लावला की जरा कमी वाटती. म्हणून तर लावतो."

मग एका दुपारी मी मेथी निवडत बसले होते, आत्या माहेरी गेलेल्या. भावजी समोर येऊन बसले. दोन काड्या उगाच मोडल्या. म्हणाले, "वहिनी, तुमची एखादी जुनी साडी द्या की."

"कशाला?"

त्यांनी सांगितलं. उद्यमनगरात एका बंद वर्कशॉपच्या माळ्यावर काही माणसं जमत होती. सोमवारी. सोमवारी उद्यमनगराला सुट्टी. लेथ बंद, फाउंड्र्या थंड, रस्त्यावर चिटपाखरू नाही. लोकांना सांगायला भजनी मंडळ. पण वर गेलं की ही माणसं शर्ट-पँट काढून खुंटीला टांगायची आणि साड्या नेसायची. गजरे माळायची, एकमेकांना आक्का, मावशी, जाऊबाई म्हणायची, मटण शिजवायची, गाणी म्हणायची. त्यांत मोल्डर होते, टर्नर होते, एक दुकानदार होता, एक सरकारी नोकर होता. बहुतेकांना घरी बायका-मुलं होती. दिवस मावळायच्या आत तोंडं धुऊन सगळे आपापल्या घरी.

"आणि तुम्ही त्यांची फिल्म काढताय," मी म्हणाले.

"व्हय."

मग ते खाली बघत म्हणाले, "पण वहिनी… मी तिथं नुसता कॅमेरा घिऊन जात न्हाई."

मी उठले आणि रस्त्याकडचं दार लावलं. घरात आम्हा दोघांशिवाय कुणी नव्हतं, तरी रेडिओ मोठा केला. आज विचार करते, मला आधी काय वाटलं? किळस नाही वाटली, रागही नाही आला. ह्यांना कळलं तर? आत्यांना कळलं तर? गल्लीत कळलं तर या माणसाचं काय करतील… तेव्हा कायदाही अशा माणसांच्या बाजूचा नव्हता. परत येऊन बसले तेव्हा भावजी शांतपणे मेथी निवडत होते. सांगून मोकळे झाले होते ना. त्यांचं ओझं आता माझ्याकडं आलं होतं. संध्याकाळी पत्र्याच्या ट्रंकेतनं पोपटी काठापदराची एक साडी काढून मी त्यांच्या पिशवीत ठेवली.

पुढची चार-पाच वर्षं भावजी त्या माळ्यावर शूटिंग करत होते. अट एकच होती आणि ती त्यांनी स्वतःच घातली होती: कुणाचं तोंड दिसणार नाही. भिंतीवरच्या आरशावर ते चादर टाकायचे, पितळेच्या तांब्यात प्रतिबिंब पडतं म्हणून तांबे बाहेर ठेवायचे. लग्नाच्या कॅसेटींत लोकांनी ज्याला नावं ठेवली तेच इथं कामाला आलं. हात, पाऊल, पाठीवरची गंगावनाची वेणी, निऱ्या घालणारी काळी राठ बोटं. आवाज ओळखू येऊ नयेत म्हणून त्यावर लेथचा आवाज चढवलेला. वर खोलीत ती फिल्म कापत बसले की एकेक तुकडा दहादा बघायचे आणि मला हाक मारायचे. "वहिनी, ह्यात कोण वळकू येतंय का बघा." मी चष्मा लावून बघायची. कधी खुंटीवरचा एखादा शर्ट ओळखीचा वाटायचा, तो तुकडा जायचा. या सिनेमाला त्यांनी नाव दिलंच नाही. आम्ही दोघं त्याला सोमवारची फिल्म म्हणायचो.

कोल्हापुरात ती कधीच दाखवायची नाही, हे ठरलेलं होतं. पुण्यात एका ओळखीच्या माणसाच्या घरी एकदा दाखवली. जमलेल्यांना फार आवडली. भावजी आनंदानं पिसासारखे हलके होऊन परत आले. तिथंच कुणीतरी तिची नक्कल करून घेतली, हे आम्हाला फार उशिरा कळलं.

तो पावसाळा होता. आम्ही सगळे जेवायला बसलो होतो आणि टीव्हीवर गावातल्या केबलवाल्याचं चॅनेल चालू होतं. तेव्हा प्रत्येक केबलवाल्याचं आपलं एक चॅनेल असायचं. दुपारी पिक्चर, संध्याकाळी वाढदिवसाच्या शुभेच्छा आणि गावच्या बातम्या. एकदम भडक संगीत वाजलं आणि निवेदक ओरडल्यासारखं बोलायला लागला, की आपल्या कोल्हापुरात भजनाच्या नावाखाली काय चाललंय बघा. आणि पडद्यावर हात दिसले. टाळ्या वाजवणारे, बांगड्या भरलेले हात. मग निऱ्या. मग पोपटी काठाचा पदर.

आत्या म्हणाल्या, "सुनंदा, ही तुझी साडी न्हवं?"

"तसल्या साड्या गावभर हायत, आत्या," मी म्हणाले. माझा आवाज मलाच परका वाटला. भावजींच्या हातातली भाकरी ताटाच्या वर तशीच थांबली होती. ह्यांनी टीव्हीकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, भावाकडं बघितलं. मग उठले आणि टीव्ही बंद केला. "जेवा," म्हणाले. सगळे जेवलो. बाहेर पन्हाळीतनं पाणी पडत होतं.

पुढचे दिवस कसे काढले ते आम्हालाच माहीत. जीप थांबली की भावजी जिन्यात येऊन उभे राहायचे. फोन वाजला की आम्ही दोघं एकमेकांकडं बघायचो. माळ्याला कुलूप लागलं होतं. मंडळातला एकजण बाजारात समोरून आला आणि भावजींना बघून रस्ता ओलांडून गेला. दुसऱ्यानं निरोप पाठवला, की तू आम्हाला विकलंस. भावजींनी खाणं सोडलं. "वहिनी, तोंडं न्हाईत, आवाज न्हाईत. कोण वळखणार?" असं ते मला पुन्हा पुन्हा विचारायचे, आणि मी कुणीच नाही ओळखणार असं म्हणायची.

आणि एका सकाळी दारात एक बाई येऊन उभी राहिली. तिशी-पस्तिशीची, भिजलेली, पायात चिखल. शाळेला सुट्टी होती, मी घरी होते. आत्या विहारात गेल्या होत्या. "फिल्म काढणारं पावणं हितंच ऱ्हात्यात का?" तिनं विचारलं.

"कोण तुम्ही?"

"माझं नाव शालन. टीव्हीत दावलेला त्यो हात माझ्या मालकाचा हाय. त्येंच्या दुसऱ्या शर्टाच्या खिशात ह्यो पत्ता गावला."

तिचं नाव शालन नव्हतं, ते मी दिलंय. आणि आता मी जी खूण सांगणार आहे तीही खरी नाही, दुसरीच होती. ती म्हणाली, "डाव्या हाताची करंगळी अर्धी हाय त्येंची. फाउंड्रीत साच्याखाली गावली हुती. म्या म्हैनाभर बांधलाय त्यो हात. मला सांगू नगा त्यो कुणाचा हाय ते."

मी म्हणाले, बाई, तुमची काहीतरी चूक होतीय, इथं कुणी फिल्म काढत नाही. माझ्या मागं खोलीत भावजी होते. ते बाहेर येऊ नयेत म्हणून मी दाराच्या चौकटीत उभी होते. बाई ओरडली असती तर गल्ली गोळा झाली असती. आणि तेवढ्यात माझ्या खांद्यामागनं आवाज आला.

"मीच काढलीया फिल्म," भावजी म्हणाले. त्यांच्या ओठांचा रंग गेला होता. "हात कुणाचा हाय ते मी सांगणार न्हाई, ताई. तसा शब्द हाय माझा. पण काढलंय मी. काय करायचं ते मला करा."

शालन त्यांच्याकडं बघत राहिली. मग उंबऱ्यावरच बसली. "तुमाला काय करू मी? तीन-चार दिस झालं, त्येनी घरला न्हाईत. त्या रातच्याला टीव्ही बघितला आन्‌ पान टाकून उठलं. पंचगंगेचा घाट झाला, रंकाळा झाला… फुगलेलं पाणी बघत हिंडत्ये. तुमास्नी ठावं आसंल तर सांगा."

आम्हा दोघांच्याही मनात एकच आलं. भावजी भिंतीला टेकले. म्हणाले, "एक जागा हाय."

मंडळात एक म्हातारे होते, त्यांना सगळे तारामावशी म्हणत. राधानगरीच्या वरच्या अंगाला त्यांचं घर आणि चार म्हशी. तिथं असेल तर असेल, असं भावजी म्हणाले. आणि मग माझ्याकडं वळले. "वहिनी, तुम्ही चला. तिथं धरण हाय. मला एकट्याला न्हाई जमायचं."

आम्ही तिघं एसटीनं गेलो. शालन खिडकीशी बसली होती आणि जिथं जिथं नदी दिसे तिथं ती डोळे मिटून घ्यायची. राधानगरीला उतरलो तेव्हा धुकं इतकं दाट होतं, की समोरचा माणूस दिसेना, पण धरणाचं पाणी सुटलेलं ऐकू येत होतं. एकसारखा घुमणारा आवाज… जमीन हलल्यासारखी वाटत होती. भावजींनी माझ्या छत्रीची दांडी धरली होती, लहान पोर पदर धरतं तशी. त्या आवाजात एक माणूस सहज नाहीसा होऊ शकतो, हे तिघांनाही कळत होतं. मी चालता चालता शालनला काय सांगायचं याची वाक्यं जुळवत होते, कारण तो तिथं नसला तर पुढं शोधायला जागा उरली नव्हती.

गोठ्याशी एक उघडाबंब म्हातारा म्हशीची धार काढत होता. कपाळाला बुक्का, अंगानं काटक. "कोण पावणं?" म्हणत उठला आणि भावजींना बघून चरवीच खाली ठेवली. "कशाला आलायस? आजून काय काढायचं ऱ्हायलंय? कॅमेरा आणलास न्हवं?"

भावजी मान खाली घालून उभे राहिले. त्यांनी एका शब्दानं स्वतःची बाजू मांडली नाही. पुण्याला काय झालं, कुणी फसवलं, काहीच नाही. म्हातारा बोलत सुटला आणि ते ऐकत राहिले. शेवटी शालनच मोठ्यानं ओरडली, गोठ्याच्या आतल्या अंधाराकडं तोंड करून, "आत आसला तर भाईर या! म्या भांडाय आलेली न्हाय!"

काहीच हललं नाही. मग वैरणीच्या मागनं एक माणूस बाहेर आला. दाढी वाढलेली, आणि डावा हात पाठीमागं धरलेला.

शालन पुढं गेली. मला वाटलं, आता ही कोसळेल नाहीतर मारेल. ती म्हणाली, "बोट लपवून काय हुतंय? सगळ्या कोल्हापूरनं बघितलंय." आणि थोडं थांबून, "जेवलाय का काय?"

तो मटकन खाली बसला आणि रडायला लागला. भावजी दुसरीकडं वळून उभे राहिले. तारामावशींनी आत जाऊन भाकरीचं पीठ काढलं.

परतीच्या एसटीत शालन नवऱ्याजवळ बसली नाही, माझ्याजवळ बसली. ती खिडकीकडं बघत होती. मग म्हणाली, "त्यो हात टाळ्या वाजवत हुता, वैनी. माझ्या घरात त्या हातानं कदी टाळी वाजवली न्हाय. पोराच्या बारशालाबी न्हाय." ती दोघं पुढं गाव सोडून सीमेपलीकडं गेली, संसार चालू आहे एवढं कानावर आलं. चांगलं झालं की वाईट, हे मी कोण सांगणार.

माळ्यावरचं मंडळ मात्र पुन्हा कधी जमलं नाही. एका माणसाला ओळखलं गेलं, पण भीती सगळ्यांच्या घरात शिरली. कुणी गावाला गेलं, कुणी माळ घातली, कुणी नुसतं दिसायचं बंद झालं. भावजींनी पुण्याला जाऊन नक्कल करणाऱ्या त्या माणसाच्या दारात उभं राहून नक्कल परत मागितली. त्यानं दिलीही, पण एका नकलेच्या किती नकला होतात कुणास ठाऊक. त्यांनी कॅमेरा गुंडाळून ठेवला आणि एका झेरॉक्सच्या दुकानात कामाला लागले. आत्या गेल्या. माझी मुलगी मोठी झाली. बोलणाऱ्यांनी पुढं कधीतरी बोलायचं सोडलं. पण भावजी रस्त्यानं चालताना भिंतीच्या कडेनं चालायचे. जो माणूस आधीच घाबरट होता तो आता दुसऱ्यांच्या वाटणीचंही घाबरत होता. तेच बहुतेक हृदयाला झेपलं नाही. डॉक्टर काही म्हणोत.

दवाखान्यात एका दुपारी मी त्यांना पेज भरवत होते. शेजारची कॉट रिकामी झालेली. ते म्हणाले, "वहिनी, तुमचं मराठी चांगलं हाय. मी गेल्यावर माझं लिहा कुटंतरी."

"काहीतरी बोलू नका."

"लिहा हो. माझं सगळं लिहिलं तरी चालंल. माझं एकट्याचं. दुसऱ्या कुणाचं नखसुद्धा दिसाय नको."

म्हणून हे लिहिते आहे. हे छापून येईल तेव्हा गल्लीत काय होईल मला माहीत नाही. ह्यांना आधी वाचायला दिलं. वाचून त्यांनी कागद घडी करून परत दिले आणि म्हणाले, "त्येचं आडनाव नको. आपलं नाव खराब झालं तरी चालंल, पण मुलीचं लग्न व्हायचंय." मग थोड्या वेळानं, "बाकी ऱ्हाऊ दे."

जलदान विधी झाला, पावणं गेलं, घर रिकामं झालं. एका रविवारी ह्यांनी खिशातनं किल्ली काढली आणि जिना चढायला लागले. मी मागं गेले. खोलीत धूळ होती, खाटेवर त्यांची शाल तशीच होती. आम्ही एकेक कॅसेट काढून लावली. कोंबड्यांची फिल्म होती. जुनी लग्नं होती. सोमवारच्या कॅसेटींवर भावजींनी बारशांची आणि साखरपुड्यांची खोटी नावं लिहिलेली, ती मला ओळखू आली. मी पहिली लावली. पडद्यावर नुसत्या मुंग्या. दुसरी लावली, मुंग्या. सगळ्या तशाच. एकूण एक कॅसेट त्यांनी स्वतः पुसून ठेवली होती, केव्हा ते कधी बोलले नाहीत. चार-पाच वर्षांचं त्यांचं सगळ्यात चांगलं काम. एक बोट मागं ठेवलं नव्हतं.

कॅमेऱ्यात मात्र एक कॅसेट राहिली होती. ती ह्यांनीच लावली.

उद्यमनगरातला तो माळा आहे, रिकामा. खुंट्या मोकळ्या. भिंतीवरच्या आरशावर चादर नाही. उघड्या खिडकीतनं ऊन येतंय आणि एक लोखंडी खुर्ची ठेवलीय. कॅमेरा सुरू करून भावजी येतात आणि खुर्चीवर बसतात. तोंड सरळ समोर, उजेडात. गालावरचा देवीचा व्रणसुद्धा दिसतो. स्वतःचं पूर्ण नाव सांगतात, वडिलांच्या नावासकट. मी या मंडळातला आहे, म्हणतात. बाकी काही बोलत नाहीत. नुसते बसून राहतात. खालून रस्त्यावरनं एखादी गाडी जाते, तेव्हा त्यांचे खांदे दचकतात. कुठंतरी कुत्रं भुंकतं, ते दाराकडं बघतात आणि पुन्हा समोर बघतात. कपाळावर घाम आलेला, हात गुडघ्यांवर. केवढे घाबरलेत ते आम्हा दोघांना दिसत होतं.

"लै वेळ हाय का हे?" ह्यांनी विचारलं.

"माहीत नाही," मी म्हणाले.

"बसू मग," ते म्हणाले, आणि खाटेवरची शाल बाजूला सारून माझ्यासाठी जागा केली. समोर भावजी बसलेले होते. उठून जात नव्हते.